राखून ठेवलेला अंगठा

घरात पाहुणे येणार असले की मला कोणी सांगत नाही. मला नवीन गेम मिळतो.

अमृत, म्हणजे माझ्या काकांचा मुलगा, सकाळीच मोबाइल आणि ती जोडणीची छोटी पिन घेऊन माझ्या खोलीत येतो. "काय भाऊ, कसा शे?" असं उगाच मोठ्यानं विचारतो आणि माझ्या मांडीवरची डबी उचलतो. डबी म्हणजे हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम. अमृत त्याला कन्सोल म्हणतो, पण आमच्या मायनं पहिल्या दिवशी डबी म्हटलं आणि तेच चिकटलं. अमृतनं पिन लावली की मी ओळखतो, आज ताईला बघायला कोणीतरी येतंय आणि मला शेतातल्या खोलीत जायचंय. मग आमचा गडी जेठ्यादादा येतो, मला उचलून ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत गादीवर ठेवतो आणि आमची वरात पपईच्या बागेकडे निघते.

मी नवनीत. ब्राह्मणपुरीच्या हिलालआप्पांचा एकुलता एक मुलगा, वय बावीस. मला स्नायूंचा आजार आहे. शाळेत असताना पाय गेले, मग पाठ, मग खांदे. आता उजवा हात मनगटापासून पुढे बरा चालतो, डावा लहर आली तर. नाशिकच्या डॉक्टरांनी सांगितलं, हा आजार आईकडून मुलाकडे येतो. तेव्हापासून माय माझ्याशी बोलताना माझ्याकडे न बघता माझ्या चादरीकडे बघते. तिला कोणी दोष दिलेला नाही, पण तिनं तो स्वतःहूनच उचलून कनवटीला लावला.

डबी घरात आली त्याला कारण झालं ताईचं पहिलं स्थळ. ताई म्हणजे काजल, माझ्यापेक्षा तीन वर्षांनी मोठी, लोणखेड्याच्या कॉलेजातून बी.एस्सी. झालेली. पाहुणे दोंडाईचाकडचे होते. तेव्हा मला लपवायचं असतं हे कोणाला सुचलंच नव्हतं, त्यामुळे मी ओसरीत खुर्चीवर ऐटीत बसलो होतो. रामराम झाला, चहा झाला, पोहे झाले. चार दिवसांनी निरोप आला की पत्रिका जुळत नाही. पुढे कोणाकडून तरी कळलं की त्यांच्यात एक भाचा डॉक्टर आहे, त्यानं सांगितलं, मुलीच्या पोटीही असं मूल होऊ शकतं. आप्पा त्या दिवशी जेवले नाहीत. पुढच्या आठवड्यात पपईची गाडी घेऊन सुरतला गेले आणि येताना माझ्यासाठी डबी आणली. मी इतका खूश झालो की मायनं मीठ-मिरची उतरवून टाकली.

डबी चांगली होती, पण तिचं पोट लहान. आत नखाएवढं एक कार्ड, त्यातली निम्मी जागा तिनं स्वतःच खाल्लेली. अमृतनं शहाद्याहून मोठं कार्ड आणून घातलं तर डबीनं ते ओळखलंच नाही, नुसती काळी स्क्रीन दाखवत बसली. शेवटी जुनंच कार्ड परत घातलं. त्यामुळे नियम ठरला, एक आत तर एक बाहेर. अमृत मला नावं वाचून दाखवायचा, "हाई काढू? हाई काढू?" आणि मी मान हलवून हो किंवा नाही सांगायचो. सुरुवातीला माझा जीव तुटायचा. एकेका गेमसाठी मी त्याच्याशी वाद घातलाय.

मग ते सोपं होत गेलं. डबीच्या वरच्या कडेला दोन बटणं असतात, ती तर्जनीनं दाबायची. डावी तर्जनी संपावर गेली तेव्हा मारामारीचे गेम काढले. पुढे डावा अंगठा मंदावला, मग गाड्यांचे काढले, कारण गाडी वळेपर्यंत माझी भिंतीवर आपटलेली असायची. कोणता गेम कधी काढला एवढं सांगितलं तर डॉक्टरला माझी फाइल उघडायची गरज नाही. आणि गंमत अशी की माझं एकेक बोट निकामी होत होतं आणि अमृत मात्र जास्त जास्त जड गेम आणत होता. मोठा गेम म्हणजे चांगला गेम असं त्याचं मत. "यामा आख्खं शहर शे, फिर कितलंबी," तो म्हणायचा. त्या शहरात फिरायला दोन्ही हातांची सगळी बोटं लागतात, हे त्याच्या डोक्यात कधी शिरलं नाही आणि मीही सांगितलं नाही.

एकच गेम पहिल्या दिवसापासून कार्डावर होता. बकरीचा. सगळ्यात लहान, सगळ्यात कमी जागेचा. एक बकरी डोंगर चढते, या खडकावरून त्या खडकावर. एकच बटण. जेवढं दाबून धराल तेवढी लांब उडी. ताईनं त्या डोंगराला तोरणमाळचा घाट नाव दिलं होतं, कारण मी चालता होतो तेव्हा आम्ही एकदाच कुठे सहलीला गेलो ते तोरणमाळला. संध्याकाळी भाकरी टाकून झाल्या की ती माझ्या पलंगाच्या कडेला बसायची, पिठाचे हात पुसून एक डाव ती खेळायची, एक मी. तिची बकरी नेहमी दरीत. चिडून ती डबी गादीवर टाकायची आणि म्हणायची, "तुन्हा अंगठामा काहीतरी जादू शे."

जादू नव्हती, पण जोर होता. सगळ्या अंगातला उरलासुरला जोर त्या उजव्या अंगठ्यात आणि शेजारच्या बोटात येऊन बसला होता. आणि मला तो एका कामासाठी हवा होता.

आमच्याकडे लग्नात कानपिळी असते. नवरीच्या भावानं भर मांडवात नवरदेवाचा कान पिळायचा, माझ्या बहिणीला नीट वागव म्हणून. नवरदेव हसत हसत काहीतरी भेट देतो, बायका ओरडतात, जोरात पीळ, अजून जोरात. मी सात-आठ वर्षांचा असताना मामाच्या लग्नात हे पाहिलं होतं आणि ताईनं तिथेच, पंगतीत बसल्या बसल्या मला सांगितलं होतं, "मन्हा नवरदेवना कान तूच पिळजो. जोरमा." ती नंतरही दर लग्नात ते म्हणायची. माझे पाय गेल्यावर म्हणायची, खुर्चीत बसल्यावर म्हणायची. कानपिळीला पाय लागत नाहीत. पाठ लागत नाही. एक अंगठा आणि एक बोट लागतं, तेवढं माझ्याकडे होतं.

धुळ्याच्या व्यायामवाल्या बाईंनी एकदा सांगितलं होतं की स्नायू थकवू नका, थकलेला जोर परत येईलच असं नाही. त्यामुळे ताईसाठी सुरतचं स्थळ आलं आणि घरात गोडधोड शिजायला लागलं, तेव्हा मी गुपचूप खेळणं थांबवलं. अमृत गेम टाकायचा, मी "भारी शे" म्हणायचो आणि उघडायचोही नाही. दिवसातून एकदा फक्त बकरी. चार खडक चढायचे, अंगठा ठीक आहे ना बघायचं आणि डबी बंद. घरच्यांना वाटायचं, पोरगा शहरात फिरतोय.

सुरतचे पाहुणे पहिल्यांदा आले त्या दिवशी ट्रॅक्टर चालू झाला नाही. मला मागच्या खोलीतच ठेवून दार ओढून घेतलं. ओसरी आणि माझी खोली यांच्यात एक भिंत आहे आणि आप्पांचा आवाज भिंतीला जुमानत नाही, त्यामुळे मी सगळं ऐकलं. मुलगा भावेश, सुरतला कापडाच्या गिरणीत सुपरवायझर, मूळ तळोद्याकडचा. घरदार सांगून झालं आणि मुलाच्या वडिलांनी विचारलं, "पोरले भाऊ कितला शेत?"

आप्पा थांबले. मला दोनच उत्तरं माहीत होती, आहे किंवा नाही. आप्पांनी तिसरंच दिलं.

"एकच शे. नवनीत. पुनाले इंजिनिअरिंग करी ऱ्हायना."

खरं सांगतो, आधी मला हसू फुटलं. एका वाक्यात मला दोन पाय, कॉलेज आणि पुणं मिळालं होतं. मग कानशिलं तापली. आप्पांना नाही म्हणवलं नाही हे मला कळत होतं. बिनभावाच्या मुलीकडे आमच्यात लोक जरा तिरप्या नजरेनं बघतात. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, तिला माहेरी आणायला मुऱ्हाळी कोण जाणार, तिच्या पोरांना मामा कोण, असे प्रश्न काढतात. म्हणजे आप्पांना मुलगा हवाच होता, फक्त मी नको होतो. भिंतीपलीकडे पाहुणा खुशीत म्हणाला, "मंग लगीनमा सालासाहेबले सुट्टी काढाले सांगा. कान पिळाले तोच पाहिजे."

पाहुणे गेल्यावर मी आप्पांना हाक मारली. ते दारातच उभे राहिले, आत आले नाहीत.

"आप्पा, कान कोन पिळी?"

"अमृत पिळी," ते म्हणाले. त्यांनी ते आधीच ठरवून टाकलं होतं.

"मी पिळसू."

"तुले खुर्चीवर देखीसन लोके काय म्हनतीन? जमेल सोयरीक मोडी जाई."

"मंग ते इचारतीन, तू कोन, तं अमृत काय सांगी?"

आप्पा भिंतीकडे बघत म्हणाले, "सांगी, मी नवनीत. नाव तं तुन्हंच ऱ्हाई ना. पत्रिकामा बी तुन्हंच छापसूत. तुन्हं नाव कोठे काढं मी?"

हे ते मला समजूत घालायला म्हणाले, वाईट त्याचं वाटतं. आमचे आप्पा दुष्ट नाहीत. दर महिन्याला मला पाठीवर घेऊन धुळ्याच्या दवाखान्याच्या पायऱ्या चढलेला माणूस आहे तो. त्यांना मनापासून वाटत होतं की नाव राहिलं म्हणजे निम्मा नवनीत तरी मांडवात येईल.

ताईला हे कळलं तेव्हा तिनं स्वयंपाकघरात परात आपटली. मी पलंगावरून ऐकलं. "मन्हा भाऊ मांडवमा नही तं मी बी मांडवमा नही. लावा अमृतनंच लगीन." माय रडली. आप्पा शेताकडे निघून गेले. ताई माझ्या खोलीत आली, तिचं नाक लाल झालं होतं. माझा उजवा हात उचलून तिनं स्वतःच्या कानाला लावला आणि म्हणाली, "पिळी देख."

मी पिळला. तिनं मान डोलावली आणि उठून गेली. मला तेवढं पुरेसं होतं. आमच्या घरात ताईनं एकदा हट्ट धरला की देवसुद्धा बाजूला सरतो, असा माझा समज होता.

मग मी तालीम सुरू केली. ताईचा कान मऊ, त्यावर काय कळणार. जेठ्यादादाचा कान जाड, उन्हानं रापलेला. घरात सगळे त्याला नुसतं जेठ्या म्हणतात, तोरणमाळच्या बाजूचा, आमच्याकडे कितीतरी वर्षं सालदार. मला उचलणाऱ्यांत तो एकटाच असा आहे, जो खाली ठेवण्याआधी विचारतो, "तोंड कोठे करू भाऊ, रस्ताकडे का झाडकडे?" बाकीचे मला ठेवतात आणि जातात. त्याला मी कानाचं सांगितलं तर तो माझ्यासमोर उकिडवा बसला आणि डोकं पुढे केलं.

पहिल्या दिवशी म्हणाला, "हाई कान पिळनं शे का माशी बठनी?"

मी चिडलो. दुसऱ्या दिवशी परत पिळला. तो म्हणाला, माशी जरा वजनदार होती. असं बरेच दिवस चाललं. मी बकरीही दोन खडकांवर आणली, सगळा जोर कानासाठी ठेवला. लग्न जवळ आलं तेव्हा एकदा त्यानं तोंड वाकडं केलं, कान चोळला आणि म्हणाला, "आते लागनं, भाऊ." मला इतका आनंद झाला की मी त्याला तेच परत म्हणायला लावलं.

हळदीच्या दिवशी घर माणसांनी भरलं. माझ्या खोलीचं दार लावलेलं होतं, पण त्याचं मला काही वाटलं नाही, कारण ओसरीत बायका नाचत होत्या आणि मांडव शहाद्याजवळच्या लॉनवर, दुसऱ्या दिवशी होता. मायनं माझ्यासाठी नवा शर्ट शिवून घेतला होता, तो खुंटीला टांगलेला मी बघत पडलो होतो. डबी सकाळपासून चार्जिंगला म्हणून कोणीतरी बाहेर नेली होती. मी तिला विसरूनही गेलो होतो.

संध्याकाळी दार उघडलं आणि ताई आत आली. पिवळी झालेली, केसांपर्यंत हळद. तिच्या हातात डबी होती. तिनं ती माझ्या मांडीवर ठेवली. बटणांवरही हळद लागली होती.

"तुन्हाकरता नवा गेम टाका," ती म्हणाली. "अमृतले इचारी इचारी मीच टाका, मन्हा हातवरी. दोन दिन पुरी."

मी तिच्याकडे बघितलं. तिनं चादरीकडे बघितलं, अगदी मायसारखं. मला दुसरं काहीही सांगायची गरज नव्हती. माझ्या घरात नवीन गेम म्हणजे काय असतं हे मला तिच्याइतकंच माहीत होतं.

तरी ती बोलत राहिली. तिथे डीजे फार मोठा आहे, गर्दी आहे, तुला धाप लागेल. मग आवाज खाली आणून म्हणाली, "आप्पा मन्हासमोर रडनात, नवनीत. मन्हा पाय धरात. मी काय करू?"

मी डबी सुरू केली. यादी उघडली. एकच लांबलचक नाव होतं, अमृतच्या आवडीचं, आणि खाली दोन-तीन उरलेसुरले गेम.

"बकरी कोठे शे?"

"जागा नही व्हती ना," ती म्हणाली. "पहिले तीच काढी. तेवढावर बी जागा नही पुरनी, मंग आखो काढात. ती तं लहान पोरेसनी शे. तू आते मोठला खेयस ना?"

तिची चूक म्हणावी तर नाही. मी कोणाला सांगितलंच नव्हतं की मी मोठे गेम उघडतही नाही. पण सगळ्यात लहान गेम काढून कार्डावर कितीशी जागा होणार, हे बी.एस्सी. झालेल्या मुलीला कळायला हवं होतं. ज्याचं ओझं सगळ्यात कमी त्याला पहिला बाहेर काढलं, आणि काढून झाल्यावर कळलं की त्यानं काही भागत नाही. मला तिचा त्या क्षणी जेवढा राग आला तेवढा आप्पांचा आयुष्यात आला नव्हता. आप्पांकडून मी अपेक्षाच ठेवली नव्हती.

"जाय," मी म्हणालो. "तुले बलाई ऱ्हायनात."

ती दारापर्यंत गेली, परत वळली, मग कोणीतरी हाक मारली म्हणून गेली.

लग्नाच्या दिवशी मी शेतातल्या खोलीत होतो. नवा शर्ट मायनं सकाळी अंगात घातला होता, तो तसाच. जेठ्यादादानं न विचारता माझं तोंड रस्त्याकडे केलं. गावातल्या गाड्या शहाद्याकडे गेल्या, मग रस्ता ओस पडला. त्यालाही जेवणाचं आमंत्रण होतं, पण तो गेला नाही. पपईच्या पानांखालून पाणी सोडून आला आणि माझ्यासमोर बसून राहिला. लग्न लागायची वेळ त्याला माहीत होती. त्यानं डोक्याचं फडकं काढलं, कान पुढे केला.

"ल्या, पिळा."

मी सगळ्या ताकदीनिशी पिळला. राखून ठेवलेलं सगळं त्यात घातलं. तो "आई गं" म्हणाला आणि हसला, त्याच्या डोळ्यांत खरंच पाणी आलं. माझ्याही आलं, पण माझं कानाचं नव्हतं. दुपारी कोणीतरी मोटारसायकलवर बुंदी आणि भाजीचा डबा आणून दिला.

अमृत रात्रीचं थांबला नाही, दिवस मावळतानाच आला. त्यानं मोबाइलवर मला कानपिळी दाखवली. फेटा बांधलेला अमृत, भावेशचा कान त्याच्या चिमटीत, बाया ओरडतायत, "नवनीतभाऊ, जोरमा, नवनीतभाऊ!" आणि अमृत दात काढून हसतोय. भेट म्हणून घड्याळ मिळालं होतं, ते त्यानं खोक्यासकट माझ्यापुढे ठेवलं. "हाई तुन्हं शे. तुन्हा नाववर भेटनं." तो बिचारा प्रामाणिकपणे म्हणाला. मी मनगट पुढे केलं तर पट्ट्याच्या शेवटच्या भोकावरही घड्याळ कोपरापर्यंत घसरलं.

पाचव्या दिवशी ताई पाचपरतावणीला आली, सोबत भावेश. सकाळी अमृत आला नाही, नवीन गेम आला नाही, ट्रॅक्टर निघाला नाही. मला आश्चर्य वाटलं. मग दार उघडून जावईबापू स्वतः आत आले, मागे ताई. त्यांनी दार मागे लोटून घेतलं. माणूस दिसायला चांगला, बोलायला मोकळा. माझ्या पलंगाच्या कडेला, ताई बसायची तिथेच बसला.

"माले काजलनी साखरपुडा व्हवाना पहिलेच सर्वं सांगेल व्हतं," तो म्हणाला. "तू शे, तुले हाऊ आजार शे, सर्वं. आम्ही सुरतमा काजलनी तपासनी बी करी लिधी. रिपोर्ट एकदम चांगला शे. माले काहीच अडचन नही, भाऊ, आज आप्पासले बी तेच सांगं. मन्हा मनमा काहीच नही."

तो मला हे दिलासा द्यायला सांगत होता. मी ताईकडे बघितलं. ती बांगड्या फिरवत होती.

"मंग मांडवमा का बरं नही?" मी विचारलं.

"मन्हा बाप जुना मानूस शे. सुरतना लोके, नातलग, सर्वा व्हतात. मी म्हनं, लगीन पार पडू दे, मंग सवडमा सांगी देसूत." मग तो मोठ्या मनानं हसला, खाली वाकला आणि डावा कान माझ्या हाताजवळ आणला. "ल्या सालासाहेब. खरा मानकरी तुम्हीच. आते पिळा, जोरमा."

कान माझ्या चिमटीपासून बोटभर लांब होता. ज्याच्यासाठी मी एवढे दिवस अंगठा जपला तोच कान. ताई म्हणाली, "पिळ ना." तिचा आवाज अगदी लहानपणचा होता.

म्हणजे नवऱ्याला माहीत होतं, बहिणीला माहीत होतं, रिपोर्ट चांगला होता आणि तरी मी पपईत होतो. आप्पांना तरी सोयरीक मोडायची भीती होती. या दोघांना ती भीतीही नव्हती. त्यांना फक्त फोटोत मी नको होतो.

"आते नही," मी म्हणालो. "कान मांडवमा पिळतस, चार लोकेसमोर. दार लाईसन नही पिळतस."

भावेश वाकलेलाच राहिला, मग सावकाश सरळ झाला. त्याचा चेहरा पडला आणि मला त्याचं मुळीच वाईट वाटलं नाही. "बरं," तो म्हणाला, "तुन्ही मर्जी." आणि ओसरीकडे गेला. तिथे आप्पांनी त्याला काहीतरी विचारलं आणि दोघं मोठ्यानं बोलू लागले.

ताई थांबली. उभीच होती, बसली नाही. डबी खिडकीत पडली होती, तिच्यावर धूळ बसलेली. हळदीचा डाग बटणावर तसाच होता. तिनं ती पुसली, सुरू केली, यादी उघडली. तो मोठा गेम एकदाही उघडलेला नाही, हे तिला तिथे दिसलं असणार.

"तू हाऊ खेयनाच नही?"

मी खिडकीकडे बघत राहिलो.

"बकरी परत टाकू? अमृतना मोबाइलमा शे."

"टाक."

"मंग काढू काय?"

"माले कसाले इचारस?" मी म्हणालो. "मांगे इचारं व्हतं का?"

ती डबी हातात घेऊन बराच वेळ यादी वरखाली करत राहिली. तिच्या हाताला आता सराव नव्हता, नव्या बांगड्याही आड येत होत्या. तिनं काही काढलं नाही, काही टाकलं नाही. डबी माझ्या मांडीवर ठेवली, माझ्या अंगठ्यावरून एकदा हात फिरवला आणि डोळे पुसत बाहेर गेली. मी अंगठा बाजूला घेऊ शकलो असतो. घेतला नाही.

बाहेर ओसरीत आप्पा जावयाला सांगत होते की आखाजीला व्याही-विहिणींना घेऊनच या, आमरसाचं जेवण करू, आणि काजलला आणायला मुऱ्हाळी म्हणून नवनीत येईल सुरतला गाडी घेऊन. भावेश म्हणाला, हो, हो, पाठवा. ताई तिथेच होती. ती काही म्हणाली नाही.

आखाजीला अजून अवकाश आहे. त्या दिवशी सकाळी अमृत येईल, कसा आहेस म्हणून मोठ्यानं विचारेल आणि पिन लावेल. जागा करायची म्हणून तो मला नावं वाचून दाखवेल. मी प्रत्येक नावाला नाही म्हणून मान हलवणार आहे.